ओळख हरवली की ओळख पटली नाही? : पेशींच्या स्वरूपऱ्हासाच्या संकल्पनेची चिकित्सा

प्रस्तावना

मानवी शरीरातील बहुतेक सर्व पेशींमध्ये जनुकांचा संच एकच असतो. तरीही यकृतातील पेशी यकृताचेच काम करते, नेत्रपटलातील पेशी प्रकाश टिपते आणि स्वादुपिंडातील बीटा पेशी इन्शुलिन स्रवते. एकाच संचातील कोणती जनुके सक्रिय ठेवायची व कोणती निष्क्रिय, या निवडीतून प्रत्येक पेशीला तिचे विशेष रूप आणि विशेष कार्य प्राप्त होते. या प्रक्रियेस विभेदन असे म्हणतात. वार्धक्यात, तसेच मधुमेह, रक्तवाहिन्यांचे काठिण्य, कर्करोग यांसारख्या आजारांत ही निवड ढासळते आणि पेशी जिवंत असूनही आपले विशेषत्व गमावते, हा विचार गेल्या दोन दशकांत जीवशास्त्रात प्रबळ झाला आहे. पेशी मरत नसून आपली ओळख विसरते, अशा सुटसुटीत स्वरूपात तो मांडला जातो. विसरलेली ओळख परत मिळवून देता येईल, हे आश्वासनही त्यामागोमाग येते.

इंग्रजीतील 'आयडेंटिटी' या शब्दासाठी मराठीत अस्मिता, स्वत्व, ओळख असे पर्याय उपलब्ध आहेत. अस्मिता आणि स्वत्व हे ज्याचे त्याच्यापाशी असते. ओळख हा मात्र दोन पक्षांमधील व्यवहार होय. ती असावी लागते, तशीच ती समोरच्याला पटावीही लागते. म्हणूनच 'ओळख हरवली' आणि 'ओळख पटली नाही' ही मराठीत दोन भिन्न विधाने ठरतात. पहिल्या विधानात बदल वस्तूमध्ये झालेला असतो. दुसऱ्या विधानात उणीव पाहणाऱ्याच्या साधनांतही असू शकते. पेशींविषयीच्या विवेचनात हे दोन अर्थ एकमेकांत मिसळले गेले आहेत काय, हा प्रस्तुत लेखाचा मुख्य प्रश्न आहे.

या प्रश्नाच्या चिकित्सेसाठी तीन कसोट्या वापरल्या आहेत. संशयित पेशी मुळात कोणत्या पेशीपासून आली, हे सिद्ध झाले आहे काय? तिने काय गमावले एवढेच नव्हे, तर ती काय झाली आहे, हे दाखवले आहे काय? आणि कारण दूर केल्यावर तीच पेशी पूर्वरूपावर परत येते काय? या कसोट्या लावल्या असता संकल्पनेचा काही भाग भक्कम ठरतो, तर काही भाग अद्याप अनुमानाच्या पातळीवर असल्याचे दिसून येते.

संकल्पनेची पूर्वपीठिका

विभेदन हा एकेरी प्रवास आहे, अशी समजूत दीर्घकाळ रूढ होती. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस ऑगस्ट वाइझमान यांनी असे प्रतिपादन केले की, विकास होत असताना शरीरपेशींकडे आनुवंशिक घटकांची वाटणी होते आणि प्रत्येक पेशीकडे तिच्यापुरतेच घटक उरतात. हे खरे असते, तर ओळख हरवण्याचा प्रश्नच उद्भवला नसता. कारण दुसरे काही होण्याचे साधनच पेशीपाशी राहिले नसते. १९६२ मध्ये जॉन गर्डन यांनी बेडकाच्या पिल्लाच्या आतड्यातील पेशीचे केंद्रक काढून ते केंद्रकरहित अंड्यात रोवले आणि त्यातून नवे जीव वाढू शकतात, हे दाखवले. विभेदित पेशीतही संपूर्ण संच शाबूत असतो, हे त्यावरून स्पष्ट झाले. १९८७ मध्ये 'मायोडी' हे एकच जनुक सक्रिय करून तंतुजनक पेशींचे स्नायुपेशींत रूपांतर करण्यात आले. २००६ मध्ये शिन्या यामानाका आणि काझुतोशी ताकाहाशी यांनी ऑक्ट-४, सॉक्स-२, केएलएफ-४ आणि सी-मिक या चार घटकांच्या साहाय्याने उंदराच्या त्वचेतील पेशी भ्रूणावस्थेसारख्या स्थितीत नेल्या. गर्डन व यामानाका यांना २०१२ चे नोबेल पारितोषिक विभागून मिळाले.

या साऱ्या इतिहासावर एका चित्राचा प्रभाव आहे. कॉनरॅड वॉडिंग्टन यांनी १९५७ च्या आपल्या ग्रंथात पेशीची तुलना डोंगरउतारावरून घरंगळणाऱ्या चेंडूशी केली. उतारावर दऱ्या फुटत जातात, चेंडू त्यांपैकी एका दरीत शिरतो आणि तळाशी स्थिरावतो. हे चित्र असंख्य पाठ्यपुस्तकांतून आणि व्याख्यानांतून वापरले गेले आहे. त्याचा एक परिणाम असा झाला की, ओळख ही तळाशी पोहोचल्यावर आपोआप टिकणारी गोष्ट मानली गेली. तळाशी असलेल्या चेंडूला तेथे राहण्यासाठी काहीही करावे लागत नाही. मात्र त्याच ग्रंथात वॉडिंग्टन यांनी दुसरेही चित्र दिले आहे, ज्याचा उल्लेख तुलनेने क्वचितच होतो. त्यात तोच डोंगर खालून दाखवला आहे. जमिनीत खुंट्या ठोकलेल्या आहेत, खुंट्यांपासून निघालेल्या दोऱ्या वरच्या पृष्ठभागाला ताण देत आहेत आणि त्या ताणामुळेच दऱ्यांना आकार आला आहे. खुंट्या म्हणजे जनुके आणि दोऱ्या म्हणजे त्यांचे रासायनिक परिणाम. दोरी सैल झाली की दरीचा आकार बदलणार, हे या दुसऱ्या चित्रातच अध्याहृत आहे.

हेलन ब्लाउ यांच्या १९८० च्या दशकातील प्रयोगांनी या दुसऱ्या चित्राला पुष्टी दिली. स्नायुपेशीशी संयोग घडवला असता इतर प्रकारच्या मानवी पेशींच्या केंद्रकांतील सुप्त स्नायुजनुके जागी होतात, असे त्यांत आढळले. विभेदित अवस्था ही अखंड नियंत्रणाने टिकवावी लागते, असा निष्कर्ष त्यांनी काढला. शेताचा बांध एकदा घालून भागत नाही, दरवर्षी पावसाळ्यापूर्वी त्याची डागडुजी करावी लागते. पेशीच्या ओळखीचे स्वरूपही याच प्रकारचे आहे.

पुरावा पूर्वीपासून उपलब्ध होता

ओळख टिकवण्यासाठी सातत्याने काही पुरवावे लागते, याचे सर्वांत स्वच्छ उदाहरण जनुकशास्त्रातून नव्हे, तर पोषणशास्त्रातून मिळते. १९२५ मध्ये वोल्बाक आणि हाउ यांनी अ जीवनसत्त्वापासून वंचित ठेवलेल्या उंदरांमधील ऊतींचे वर्णन प्रसिद्ध केले. श्वासनलिकेचे ओलसर, श्लेष्मल अस्तर नाहीसे होऊन त्याजागी त्वचेसारखे कोरडे, शृंगीभूत अस्तर तयार झालेले त्यांना आढळले. जीवनसत्त्व पुन्हा दिल्यावर मूळ प्रकारचे अस्तर परत येते, हेही पुढे दिसून आले. भारतातील कुपोषित बालकांच्या डोळ्यांत आढळणारे बिटो डाग आणि बुबुळाचा कोरडेपणा ही याच प्रक्रियेची मानवी रूपे होत. १९७० मध्ये भारतात बालकांना अ जीवनसत्त्वाच्या मोठ्या मात्रा देण्याचा राष्ट्रीय कार्यक्रम सुरू झाला. पेशींची ओळख टिकवण्याचा तो एक सार्वजनिक उपक्रम होता, असे आज मागे वळून पाहताना म्हणता येईल.

या उदाहरणात तिन्ही कसोट्या पूर्ण होतात काय? दुसरी व तिसरी निश्चितच होतात. नवे रूप कोणते हे माहीत आहे आणि कारण दूर केल्यावर परतीची वाटही दिसते. पहिल्या कसोटीबाबत मात्र विवेक आवश्यक आहे. येथे जुनी अस्तरपेशी स्वतः बदलत नाही. अस्तराखालील मूळ पेशी नव्या पिढीला वेगळ्या मार्गाने घडवतात. म्हणजेच बदल ऊतीच्या ओळखीत होतो, परंतु कोणत्याही एका प्रौढ पेशीने आपली ओळख गमावलेली नसते. ऊती आणि पेशी या दोन स्तरांतील हा फरक पुढील सर्व चर्चेत महत्त्वाचा ठरतो.

बीटा पेशी : मृत्यू की मौन?

संकल्पनेची खरी परीक्षा मधुमेहाच्या संदर्भात होते. दुसऱ्या प्रकारच्या मधुमेहात इन्शुलिन स्रवणाऱ्या बीटा पेशी कमी झालेल्या आढळतात. अलेक्झांड्रा बटलर व त्यांच्या सहकाऱ्यांनी २००३ मध्ये शवविच्छेदनातील १२४ स्वादुपिंडांच्या अभ्यासातून दाखवले की, बीटा पेशींच्या घनफळातील तूट स्थूल मधुमेहींमध्ये ६३ टक्के आणि सडपातळ मधुमेहींमध्ये ४१ टक्के होती. त्यांनी ही तूट वाढलेल्या पेशीमृत्यूशी जोडली. परंतु अशा गणनेत बीटा पेशी ओळखण्याची खूण इन्शुलिन हीच असते. ज्या पेशीत इन्शुलिन सापडत नाही, ती मोजणीतून गळते. ती मेली आहे की मौन धारण करून जिवंत आहे, हे केवळ मोजणीवरून सांगता येत नाही.

२०१२ मध्ये कोलंबिया विद्यापीठातील डोमेनिको अॅकिली यांच्या गटाने हाच प्रश्न उंदरांमध्ये सोडवला. बीटा पेशींमधून फॉक्स-ओ-१ हे जनुक काढून टाकलेल्या उंदरांना वारंवार गर्भधारणा किंवा वाढते वय यांचा ताण पडला की रक्तशर्करा वाढत असे. या पेशींवर आधीच कायमची जनुकीय खूण उमटवलेली असल्याने त्यांचे पुढे काय झाले, याचा माग घेता आला. बहुसंख्य पेशी मेलेल्या नव्हत्या. त्यांनी इन्शुलिन निर्मिती थांबवली होती, पूर्वज पेशींची काही लक्षणे धारण केली होती आणि काहींनी तर ग्लुकागॉन स्रवणाऱ्या अल्फा पेशींचा मार्ग पत्करला होता. २०१४ मध्ये सेंट लुइस येथील मारिया रेमेडी यांच्या गटाने वेगळ्या प्रकारच्या मधुमेही उंदरांमध्ये असाच ऱ्हास दाखवला आणि इन्शुलिन देऊन रक्तशर्करा सावरल्यावर त्या पेशी पुन्हा बीटा रूपावर येतात, असेही नोंदवले. उंदरांच्या बाबतीत तिन्ही कसोट्या येथे समाधानकारकपणे पूर्ण होतात.

मानवाच्या बाबतीत चित्र बदलते. जिवंत माणसाच्या स्वादुपिंडावर अशी कायमची खूण उमटवता येत नाही. त्यामुळे पुरावा एका क्षणाच्या छायाचित्रासारखा असतो. २०१६ मध्ये एकाच नियतकालिकात या प्रश्नावर दोन शोधनिबंध प्रसिद्ध झाले. अॅकिली यांचा सहभाग असलेल्या निबंधात अवयवदात्यांच्या स्वादुपिंडात अंतःस्रावी खूण असलेल्या, परंतु कोणतेही संप्रेरक नसलेल्या पेशी मोजल्या गेल्या. मधुमेहींमध्ये त्यांचे प्रमाण ३१.९ टक्के आणि इतरांमध्ये ८.७ टक्के आढळले. बटलर यांच्या निबंधात वेगळ्या अंतःस्रावी खुणेचा आधार घेऊन अशाच संप्रेरकरहित पेशी मोजण्यात आल्या. त्यांची संख्या मधुमेहींमध्ये वाढलेली असली, तरी बीटा पेशींच्या एकूण तुटीचे स्पष्टीकरण देण्यास ती अगदीच अपुरी आहे, असा निष्कर्ष तेथे निघाला.

या दोन निष्कर्षांतील अंतर केवळ संख्येचे नाही. संप्रेरकरहित पेशी ही बीटा रूप सोडून निघालेली पेशी असू शकते, तशीच ती बीटा रूपाकडे येऊ पाहणारी नवी पेशीही असू शकते. गावच्या एस.टी. स्थानकावर उभ्या असलेल्या माणसाच्या एका छायाचित्रावरून तो गावी आला आहे की गाव सोडून निघाला आहे, हे ठरवता येत नाही. येथे 'ओळख हरवली' असे म्हटले जाते, त्यातील काही भाग निश्चितच 'ओळख पटली नाही' या सदरात मोडतो.

हा वाद केवळ तांत्रिक नाही. भारतीय आयुर्विज्ञान संशोधन परिषदेच्या सहकार्याने झालेल्या इंडियाब अभ्यासाच्या २०२३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या निष्कर्षांनुसार देशात सुमारे १०.१ कोटी मधुमेही आहेत. पेशी मेल्या असतील, तर उरलेल्या पेशींची जपणूक एवढाच मार्ग राहतो. त्या मौन असतील, तर त्यांना पुन्हा कामास लावता येईल. ब्रिटनमधील 'डायरेक्ट' या चाचणीत ३०६ रुग्णांचा समावेश होता. वजन घटवण्याच्या काटेकोर कार्यक्रमानंतर एका वर्षाने ४६ टक्के रुग्ण औषधांविना मधुमेहमुक्त अवस्थेत आढळले; तुलनेच्या गटात हे प्रमाण ४ टक्के होते. दोन वर्षांनंतर हेच प्रमाण अनुक्रमे ३६ आणि ३ टक्के राहिले. निदान बऱ्याच बीटा पेशी जिवंत होत्या, एवढे यावरून म्हणता येते. मात्र त्यांनी ओळख गमावून ती परत मिळवली, असे यावरून सिद्ध होत नाही. थकलेली पेशी विश्रांती मिळताच कामाला लागते, तेव्हा ती आपली ओळख विसरलेली होती, असे मानण्याचे कारण नाही. कार्याचे पुनरागमन आणि ओळखीचे पुनरागमन या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. शिवाय या चाचणीतील रुग्णांचा देहभार निर्देशांक २७ ते ४५ या दरम्यान होता आणि निदान होऊन सहा वर्षांहून अधिक काळ लोटलेला नव्हता. पुण्यातील के.ई.एम. रुग्णालयाचे चित्तरंजन याज्ञिक यांनी दाखवून दिले आहे की, भारतीयांमध्ये वजन कमी असूनही शरीरातील मेदाचे प्रमाण अधिक असते. अशा रुग्णसमूहाला ब्रिटनमधील निष्कर्ष जसेच्या तसे लागू करणे शास्त्रीय दृष्ट्या सयुक्तिक ठरणार नाही.

वंशाचा माग आणि दिसण्याचा भ्रम

केवळ खुणांवर विसंबल्याने काय घडते, याचा धडा मूत्रपिंडाच्या अभ्यासातून मिळाला आहे. जुनाट आजारात मूत्रपिंडात व्रणासारखी तंतुमय ऊती साचते आणि ती निर्माण करणाऱ्या पेशींना मायोफायब्रोब्लास्ट म्हणतात. मूत्रनलिकांच्या अस्तरपेशी आपली ओळख सोडून या पेशी बनतात, असा विचार २००० च्या दशकात सर्वदूर पसरला होता. त्याला खुणांवर आधारलेले भरपूर पुरावे होते आणि काही प्रमाणात वंशमागाचाही आधार होता. २०१० मध्ये बेंजामिन हम्फ्रीज व सहकाऱ्यांनी उंदरांमध्ये अधिक नेमक्या खुणांनी माग काढला. तेव्हा या पेशींचा उगम अस्तरात नसून केशवाहिन्यांना बिलगून असणाऱ्या पेरिसाइट पेशींत आहे, असे निष्पन्न झाले. दिसण्यातील साम्य हा वंशाचा पुरावा नसतो, हे या प्रकरणातून अधोरेखित झाले.

याउलट रक्तवाहिन्यांच्या अभ्यासात वंशमागाने विपरीत दिशेची चूक उघड केली. धमनीतील मेदयुक्त थरात मृदू स्नायुपेशी थोड्याच असतात, असे नेहमीच्या खुणांवरून वाटत असे. गॅरी ओवेन्स यांच्या गटाने २०१५ मध्ये दाखवले की, उंदरांच्या थरातील स्नायुवंशाच्या ८० टक्क्यांहून अधिक पेशींवर स्नायूची नेहमीची खूणच उरलेली नसते. त्यांपैकी काहींवर तर भक्षक पेशींच्या खुणा आढळतात. येथे ओळख खरोखरच हरवली होती आणि खूण शोधणाऱ्यांना ती हरवल्याचेही कळले नव्हते. पहिल्या प्रकरणात ऱ्हास नसताना तो मानला गेला, तर दुसऱ्या प्रकरणात तो असूनही दिसला नाही. या दोन्ही चुकांचे मूळ एकच आहे, ते म्हणजे खुणेलाच ओळख मानणे.

वार्धक्य : सिद्धांत आणि त्याचा पाया

आजारांतून ही संकल्पना वार्धक्याकडे वळली, तेव्हा तिचे स्वरूप अधिक व्यापक व त्याच वेळी अधिक संदिग्ध झाले. वय वाढते तसा जनुकांच्या नियंत्रणात गोंगाट वाढतो आणि पेशी आपल्या ठरलेल्या भूमिकेपासून ढळू लागतात, असे प्रतिपादन केले जाते. २०१७ मध्ये मार्टिन एंगे व सहकाऱ्यांनी सहा दशकांच्या वयोमर्यादेत विखुरलेल्या ८ दात्यांच्या स्वादुपिंडांतील २५४४ पेशी एकेक करून तपासल्या. वयस्क दात्यांच्या पेशींमध्ये हा गोंगाट अधिक होता आणि काही पेशींत एकाहून अधिक संप्रेरकांची जनुके एकत्र सक्रिय होती. मात्र २०२२ मध्ये इबान्येस-सोले व सहकाऱ्यांनी वार्धक्यविषयक अनेक उपलब्ध संचांचे एकत्रित परीक्षण केले असता सर्व ऊतींना लागू पडणारी अशी सुसंगत वाढ त्यांना आढळली नाही.

यात भर पडते ती मिश्रणाच्या भ्रमाची. उंदरांच्या २३ ऊतींचा जीवनभराचा आलेख मांडणारा प्रकल्प २०२० मध्ये प्रसिद्ध झाला. वयाबरोबर अनेक अवयवांत रोगप्रतिकारक पेशींचा शिरकाव वाढतो, असे त्या प्रकल्पातून दिसून आले. संपूर्ण ऊतीची सरासरी घेतली, तर अशा शिरकावामुळे यकृत कमी यकृतासारखे भासू लागेल, जरी यकृताच्या एकाही पेशीने आपले रूप बदललेले नसले. गावात बाहेरून माणसे आली म्हणून गावकऱ्यांनी आपली बोली सोडली, असा निष्कर्ष काढता येत नाही.

२०२३ मध्ये डेव्हिड सिंक्लेअर यांच्या गटाने या विचाराला सर्वांत धाडसी रूप दिले. उंदरांच्या डीएनएमध्ये ठरावीक ठिकाणी छेद पाडून ते दुरुस्त होऊ दिले असता, जनुकांतील मजकूर न बदलताही उंदीर अकाली म्हातारे झाले. यावरून जनुकांवरील नियंत्रक माहितीचा ऱ्हास हेच वार्धक्याचे कारण आहे, असा दावा त्यांनी केला. पुढच्याच वर्षी त्याच नियतकालिकात जेम्स टिमन्स आणि चार्ल्स ब्रेनर यांनी या सिद्धांताची अद्याप परीक्षाच झालेली नाही, असा आक्षेप नोंदवला. आक्षेपाचा रोख महत्त्वाचा आहे. डीएनए तुटल्याने पेशीमृत्यू, पेशीविभाजनातील अडथळा, दाह असे अनेक परिणाम संभवतात. म्हातारपणाची लक्षणे त्यांतून उद्भवली की माहितीच्या ऱ्हासातून, हे वेगळे करून दाखवल्याशिवाय कारण सिद्ध होत नाही. वार्धक्यात ओळख ढळते, हे संभाव्य आहे. वार्धक्य ओळख ढळल्यामुळेच येते, हे मात्र वेगळे आणि पुष्कळ मोठे विधान आहे.

परतीची वाट : औषध की आजार?

या संकल्पनेतील सर्वांत मोठी विसंगती उपचारांच्या चर्चेत प्रकट होते. पेशींना तरुण करण्यासाठी यामानाका यांचेच घटक अल्प मात्रेत वापरण्याचे प्रयत्न सुरू आहेत. २०१६ मध्ये ओकांपो व सहकाऱ्यांनी अकाली वार्धक्य येणाऱ्या उंदरांमध्ये हे घटक ठरावीक अंतराने चालू-बंद करून त्यांचे आयुष्य लांबवले. २०२० मध्ये चारपैकी तीन घटकांच्या साहाय्याने उंदरांच्या दृष्टीच्या मज्जातंतूत सुधारणा घडवल्याचे वृत्त आले. परंतु हे घटक मुळात ओळख पुसणारे आहेत. २०१३ मध्ये ते उंदरांच्या शरीरात सक्रिय केले असता अनेक अवयवांत अर्बुदे निर्माण झाली. २०१४ मध्ये जपानी संशोधकांनी दाखवले की, प्रक्रिया अर्ध्यावर थांबवली, तर मूत्रपिंडात बालकांमधील कर्करोगाशी साम्य असणाऱ्या गाठी उद्भवतात.

याहून लक्षणीय बाब म्हणजे धमनीतील मृदू स्नायुपेशींचा ऱ्हास घडवणारा केएलएफ-४ हा घटक यामानाका यांच्या चारपैकीच एक आहे. ओवेन्स यांच्या गटाने स्नायुपेशींतून तो काढून टाकला, तेव्हा मेदयुक्त थर लहान व अधिक स्थिर झाला. ऑक्ट-४ काढल्यावर मात्र परिणाम उलट, म्हणजे हानिकारक झाला. म्हणजेच एकाच संचातील दोन घटक एकाच पेशीत परस्परविरुद्ध परिणाम घडवतात. मधुमेहात पूर्वावस्थेकडे जाण्याला आजार म्हणायचे आणि वार्धक्यात त्यालाच कायाकल्प म्हणायचे, ही भाषा या गुंतागुंतीला न्याय देत नाही. पेशीचे वय आणि पेशीची ओळख हे दोन स्वतंत्र अक्ष आहेत. वय मागे नेताना ओळख जागेवर ठेवता येते काय, हा खरा प्रश्न असून त्याचे माणसाबाबतचे उत्तर प्रयोगांनीच द्यावयाचे आहे. शिवाय ओळख सैल होणे ही नेहमीच विकृती नसते. झेब्राफिश या माशाचे जखमी हृदय त्यातील स्नायुपेशी काही काळ आपले विशेष रूप सैल करून विभाजित होतात म्हणूनच भरून येते. तेथे परतीची वाट उघडी असते, हा निर्णायक फरक होय.

ओळख घडवून आजार बरा करण्याचे एक निर्विवाद उदाहरण उपलब्ध आहे. तीव्र प्रोमायलोसायटिक रक्तकर्करोगात पांढऱ्या पेशी परिपक्व होण्याआधीच थबकतात. शांघायमधील वांग झेन-यी यांनी १९८५ मध्ये अशा रुग्णाला ऑल-ट्रान्स रेटिनोइक आम्ल दिले. २४ रुग्णांवरील निष्कर्ष १९८८ मध्ये प्रसिद्ध झाले. पेशी मारण्याऐवजी त्यांना प्रौढ करून आजार आटोक्यात आणता येतो, हे त्यातून दिसले. केवळ या औषधाने आजार पुन्हा उलटत असे. पुढे आर्सेनिक ट्रायऑक्साइडची जोड मिळाल्यावर बहुसंख्य रुग्ण बरे होऊ लागले. हे आम्ल अ जीवनसत्त्वापासूनच बनते. १९२५ च्या उंदरांत ज्याच्या अभावी अस्तराचे रूप बदलले, त्याच कुळातील रेणूने येथे रुग्णांना जीवदान दिले. या यशामागे सर्वसाधारण सिद्धांत नव्हता. एका विशिष्ट जनुकीय दोषामुळे एका विशिष्ट टप्प्यावर अडलेली एक विशिष्ट पेशी होती आणि तो अडथळा दूर करणारे नेमके द्रव्य होते. तेथेही पेशींनी मिळवलेली ओळख गमावलेली नव्हती. ती त्यांना मिळण्यापूर्वीच वाट अडली होती.

समारोप

उपरोक्त विवेचनातून काही बाबी स्पष्ट होतात. पेशीची ओळख ही मिळालेली संपत्ती नसून चालू ठेवावे लागणारे काम आहे, हा या संकल्पनेचा सर्वांत मौलिक भाग होय आणि तो टिकणारा आहे. प्राण्यांवरील प्रयोगांत, विशेषतः बीटा पेशी आणि धमनीतील स्नायुपेशी यांच्या बाबतीत, ओळखीचा ऱ्हास पुराव्यानिशी सिद्ध झाला आहे. मानवी मधुमेहात तो संभाव्य असला, तरी त्याचे प्रमाण विवाद्य आहे. वार्धक्याचे मूळ कारण म्हणून त्याची स्थापना अद्याप झालेली नाही. या तीन विधानांची प्रमाणभूतता वेगवेगळी असून त्यांना एकाच आश्वासक वाक्यात गुंफणे योग्य ठरत नाही.

याचा संबंध अध्यापनाशीही आहे. वनस्पतीतील परिपक्व पेशी पुन्हा विभाजनक्षम होऊन एधा तयार करतात, हे विद्यार्थी अकरावीतच शिकतात. प्राणी पेशींच्या प्रकरणात मात्र विभेदन हे अंतिम मानून पुढे जाण्याची प्रथा आहे. ही दोन प्रकरणे एकत्र शिकवली, तर वॉडिंग्टन यांचे दुसरे, खुंट्या-दोऱ्यांचे चित्रही वर्गात येईल. त्याहूनही आवश्यक आहे ती कसोट्यांची सवय. मधुमेह उलटवण्याची किंवा वय मागे नेण्याची जाहिरात वाचणाऱ्या विद्यार्थ्याने आणि त्याच्या घरातील रुग्णाने ही पेशी कोठून आली, ती काय झाली आणि ती परत आली काय, हे तीन प्रश्न विचारले, तर आशा आणि पुरावा यांतील अंतर त्यांना स्वतःच मोजता येईल. ओळख हरवलेल्या पेशीला परत आणण्याचे प्रयत्न अवश्य व्हावेत. तत्पूर्वी तिची ओळख आपल्याला पटली आहे, याची खात्री करणे हे शास्त्राचे पहिले कर्तव्य होय.